पंचाहत्तर रुपये उरले, वीस वर्षं गेली

पुण्यात कुठल्याही प्राचार्यांच्या निरोपसमारंभाला गेलात की एक वाक्य ऐकल्याशिवाय सुटका नसते. शाल होते, श्रीफळ होतं, पगडी होते, मानपत्र वाचून होतं. मग अध्यक्ष उठतात, घसा साफ करतात आणि म्हणतात, ‘या शहरात पंचाहत्तर रुपये पगारावर आयुष्य वाहिलेली माणसं होऊन गेली.’ टाळ्या पडतात. तेहतीस वर्षं भूगर्भशास्त्र शिकवलं, त्या काळात मीही निदान पंधरा-वीस वेळा त्या वाजवल्या. निवृत्तीनंतर पुन्हा एकदा असाच सभागृहात बसलेलो असताना ध्यानात आलं, की मूळ करारातली अर्धीच गोष्ट आपण सांगतो.

डेक्कन एज्युकेशन सोसायटी 1884 ची, फर्ग्युसन कॉलेज 1885 चं. आजीव सदस्याशी, म्हणजे संस्थेला वाहून घेतलेल्या शिक्षकाशी, बोली होती ती महिना पंचाहत्तर रुपये आणि वीस वर्षांची सेवा, अशी. त्या काळी एवढ्या पैशांत घर उपाशी राहत नसे, पण तीच माणसं सरकारी खात्यात गेली असती तर कितीतरी जास्त कमावती झाली असती, हेही खरं. गोपाळ कृष्ण गोखले 1902 साली मोकळे झाले ते महिना तीस रुपयांच्या पेन्शनवर. त्याच वर्षी रघुनाथ परांजपे प्राचार्य झाले. केंब्रिजचे सीनियर रँग्लर, म्हणजे तिथल्या गणिताच्या परीक्षेत पहिले आलेले, वय वर्षं सव्वीस. पुढची जवळपास दोन दशकं कॉलेज त्यांच्या हातात राहिलं.

आता या करारातलं मोलाचं काय होतं? आपण पंचाहत्तर रुपयांना हार घालतो. मला वाटतं मोलाची होती ती वीस वर्षं. माणूस उद्या इथेच असणार, परवाही असणार, आज लावलेलं झाड त्याच्याच डोळ्यांदेखत वाढणार, हे सगळ्यांना माहीत असायचं. त्यालाही आणि त्याच्या विरोधकांनाही. गंमत म्हणजे पुढे आपण या करारातले पंचाहत्तर रुपये जपून ठेवले आणि वीस वर्षं टाकून दिली. तासिका तत्त्वावर, म्हणजे तासाच्या हिशोबाने पैसे घेऊन, शिकवणारी पोरं-पोरी बघा. नेट-सेट या प्राध्यापकपदाच्या पात्रता परीक्षा झालेली, पीएचडी झालेली, दर जूनमध्ये नव्याने मुलाखत देणारी. त्यांचा त्याग कोणी मानपत्रात लिहीत नाही, कारण तो त्यांनी स्वखुशीने केलेला नसतो. आणि वरच्या खुर्चीत कोण? तर प्रभारी.

प्रभारी हा शब्द मराठी कॉलेजांत इतका मुरलाय की त्याचं आता काही वाटेनासं झालंय. नियमित प्राचार्य निवृत्त होतात. पद भरायचं तर बिंदुनामावली (आरक्षणाची क्रमवार यादी), ना-हरकत, जाहिरात, निवड समिती, मान्यता अशी सगळी वारी करावी लागते. तोवर ज्येष्ठतेनुसार कोणाकडे तरी चार्ज. तो माणूस भला असतो बहुतेकदा. पण त्याला ठाऊक असतं की आपण पाहुणे. तो नवं काही सुरू करत नाही, जुनं काही मोडत नाही, सह्या करतो. संग्रहालयांकडे तर एक पायरी आणखी खाली: तिथे ‘अतिरिक्त कार्यभार’. म्हणजे मूळ काम दुसरीकडेच, इथे आठवड्यातून एकदा यायचं, फायली बघायच्या, कुलूप नीट आहे ना ते विचारायचं.

सह्यांनी काय होतं, ते जवळून पाहिलंय म्हणून सांगतो. कॉलेजचं नाव राहू दे.

आमच्या विभागात तीन काचेची कपाटं होती. सागवानी, आतून हिरवं फेल्ट लावलेली. माझ्या आधीच्या पिढीतल्या सरांनी सुट्टीच्या दिवशी सायकल काढून, खाणी-विहिरी पालथ्या घालून त्यात खनिजं जमवली होती. पुण्याखालचा बेसॉल्ट, म्हणजे लाव्हा थिजून झालेला खडक, दिसायला काळाकुट्ट, पण त्याच्या पोकळ्यांत जे सापडतं ते बघायला परदेशातून लोक येतात. पाषाणच्या टेकड्यांतला हिरवा अ‍ॅपोफिलाइट, पिसासारखा स्टिल्बाइट, आणि वाघोलीच्या खाणींतला कॅव्हन्साइट. हा शेवटचा म्हणजे निळ्या शाईचा थेंब पांढऱ्या दगडावर पडून गोठावा तसा. हे खनिज पहिल्यांदा ओळखलं गेलं ते अमेरिकेतल्या ओरेगनमध्ये, 1967 साली. पण जगभरच्या संग्रहांत जे देखणे नमुने मिरवतात ते बहुतेक आपल्या वाघोलीचे. आमच्याकडे लिंबाएवढा एक होता. खाली सरांच्या तिरप्या अक्षरातली चिठ्ठी: खनिजाचं नाव, ठिकाण, खोली, तारीख. पहिल्या वर्षाच्या मुलांना तो दाखवला की वर्ग एकदम गप्प व्हायचा. बेसॉल्टची दहा व्याख्यानं एकीकडे आणि तो लिंबाएवढा दगड एकीकडे.

या सगळ्याची सरकारी नोंद कुठे? जडवस्तू संग्रह नोंदवहीत. बोलीभाषेत डेड स्टॉक. म्हणजे बाकडी, टेबलं, पंखे, घड्याळ, आणि त्याच वहीत, त्याच शाईत, ‘खनिज नमुने, नग 412’. एका वर्षी कपाटांना वाळवी लागली. त्या वेळी चार्ज ज्यांच्याकडे होता ते अकरा महिने त्या खुर्चीत होते. निर्लेखन समिती, म्हणजे निकामी वस्तू वहीतून काढून टाकणारी समिती, नेमली गेली, मोडकी बाकडी, वाळवीची कपाटं यांची यादी झाली. मी त्या महिन्यात विद्यापीठाच्या पेपर तपासणीत अडकलो होतो, ही माझी चूक. ती लपवत नाही. यादीत कपाटं ‘आतील साहित्यासह’ अशी गेली. भंगारवाल्याने सागवान उचललं, दगड मागच्या भिंतीपाशी ओतले. मी परत आलो तेव्हा त्यातले शंभरेक वेचून काढता आले. निळा नव्हता. प्रभारी प्राचार्यांना भेटलो तर ते खरंच कळवळले. म्हणाले, ‘अहो, मला कोणी सांगितलंच नाही की त्यात काय आहे.’ खोटं बोलत नव्हते. अकरा महिन्यांच्या माणसाला कोण काय सांगणार?

त्यांच्यावर माझा राग नाही. राग आहे तो पद रिकामं ठेवणं ही काटकसर समजणाऱ्या व्यवस्थेवर.

याच्या उलट काय घडू शकतं, ते याच शहरात नदीपलीकडे घडलं होतं. डेक्कन कॉलेजची कथा चढउतारांची आहे. गव्हर्नर एल्फिन्स्टनने 1821 साली विश्रामबागवाड्यात हिंदू पाठशाळा काढली, ती ब्राह्मणांना द्यायच्या दक्षिणेच्या फंडातून. पुढे पूना कॉलेज, मग डेक्कन कॉलेज, 1868 साली येरवड्याच्या बाजूला आजची दगडी इमारत, जमशेटजी जीजीभॉय यांच्या देणगीतून. आणि 1934 साली सरकारने ते चक्क बंद केलं. माजी विद्यार्थी भांडले, कोर्टकचेरी झाली, आणि 17 ऑगस्ट 1939 रोजी संशोधन संस्था म्हणून दारं पुन्हा उघडली. तिथल्या प्राध्यापकांच्या पहिल्या तुकडीत मानववंशशास्त्रज्ञ इरावती कर्वे होत्या आणि पुरातत्त्वज्ञ हसमुख धीरजलाल सांकळिया होते.

सांकळिया मूळचे गुजराती, लंडनहून डॉक्टरेट घेऊन आलेले. इंग्लंडमध्येच मॉर्टिमर व्हीलर या नामांकित पुरातत्त्वज्ञाच्या मेडन कॅसलच्या उत्खननात हात मातीत घालून आलेले. रुजू झाले तेव्हा वय तीस. त्यांनी सगळ्यात आधी काय केलं असेल तर शिकवणं आणि वस्तू गोळा करणं या दोन गोष्टी वेगळ्या काढल्या नाहीत. विद्यार्थी घेऊन बाहेर पडायचं, चालायचं, नदीचे काठ बघायचे, जे मिळेल ते आणून टेबलावर मांडायचं आणि त्यावरच तास घ्यायचा. गुजरातेत लांघणजला ते आणि इरावतीबाई बरोबर गेले. दगडी हत्यारं हा यांचा विषय, मानवी सांगाडे हा त्यांचा. एरवी दोन विभागप्रमुखांना एका जीपमध्ये बसवायचं म्हटलं तर आज तीन पत्रं लागतात. पुण्यातही दत्तवाडीपाशी मुठेच्या काठच्या थरांतून त्यांनी अश्मयुगीन हत्यारं पुढे आणली. आज तिथून रोज हजारो स्कूटर जातात, त्यांतल्या किती जणांना हे माहीत असेल कोण जाणे.

मग जोर्वे, नेवासे आणि इनामगाव इथली उत्खननं. इनामगाव शिरूर तालुक्यात, घोड नदीकाठी. 1968 साली सुरू झालेलं उत्खनन 1983 पर्यंत चाललं, बहुतेक दरवर्षी हंगाम. तिथे पाच खोल्यांच्या एका घराच्या अंगणात चार पायांचा मातीचा मोठा रांजण मिळाला, पोट सुटलेला, आणि त्यात मांडी घालून बसवावा तसा एक पुरुष. त्या वस्तीत प्रौढ माणसाला पुरताना घोट्याखालचे पाय तोडत, याचे मात्र शाबूत. हा कोण असेल, गावचा म्होरक्या का, यावर विद्वानांनी पानंच्या पानं लिहिली. मला त्यातली वेगळीच गोष्ट भावते. सांकळिया 1973 च्या सुमाराला निवृत्त झाले, शेवटी संस्थेचे संचालक म्हणून. पण इनामगावचं काम पुढे दहा वर्षं चालू राहिलं, ढवळीकर आणि अन्सारी यांनी ते तडीस नेलं. प्रमुख बदलला म्हणून खड्डे बुजले नाहीत. विभागातलेच शां. भा. देव, म. के. ढवळीकर, वि. ना. मिश्र असे लोक पुढे एकामागून एक संस्थेच्या प्रमुखपदी आले. संग्रहालय, वर्ग आणि उत्खनन एकाच अंगणात असल्यामुळे हे झालं. शिवाय त्याच आवारात साताऱ्याहून आणलेला पारसनिसांचा संग्रह मराठ्यांच्या इतिहासाचं संग्रहालय म्हणून नांदत होता, आणि संस्कृत कोशाचं काम चालू होतं. त्या कोशाची मुहूर्तमेढ सु. मं. कात्रे यांनी 1948 साली रोवली, पहिला खंड निघाला 1976 साली. अठ्ठावीस वर्षं! आजच्या एखाद्या प्रभारी संचालकाला सांगा की अठ्ठावीस वर्षांनी पहिला खंड निघेल अशा कामाला मंजुरी द्या. तो बिचारा आधी ऑडिटवाल्यांची तोंडं आठवेल.

दुसरं उदाहरण शहराच्या पोटातलं. बाजीराव रस्त्यावरून नातूबागेत वळलात की राजा दिनकर केळकर संग्रहालय. दिनकर केळकर म्हणजे ‘अज्ञातवासी’ या नावाने कविता लिहिणारे, घरचं चष्म्याचं दुकान असलेले गृहस्थ. राजा हा त्यांचा लहानपणीच गेलेला मुलगा. संग्रहालयाला त्याचं नाव. अडकित्ते, दिवे, वज्री, पानाचे डबे, दारं, वाद्यं... लोक ज्याला अडगळ म्हणून मोडीत काढायचे ते त्यांनी गावोगाव फिरून आणलं. कोथरूडचा मस्तानीचा महाल उचलून आत वसवला. संग्रह वीस हजारांच्या वर गेला, तो त्यांनी राज्य सरकारच्या हवाली केला.

केळकरांवर भाषण करणं सोपं आहे आणि ते सगळे करतात. अडचण पुढे आहे. वीस हजारांतल्या अडीच हजारांच्या आसपासच वस्तू लोकांना दिसतात, बाकीच्या पेट्यांत आणि फळ्यांवर. बावधनला नव्या वास्तूसाठी जागा ठरून किती वर्षं झाली ते मोजायचं मी सोडून दिलंय. केळकर होते तोवर संग्रह वाढत होता, कारण त्यांचा जीव त्यात होता. पण जीव असलेला माणूस जाहिरात देऊन मिळत नाही, आणि तसा माणूस पुन्हा उगवेल या आशेवर संस्था चालवणं म्हणजे पावसाच्या भरवशावर धरण न बांधणं. शिवाय या त्यागकथांत एक नाव नेहमी ओळीच्या शेवटी येतं, कमलाबाई केळकर. नवरा अडकित्त्यांच्या शोधात हिंडत असताना घर कोणी चालवलं, पाहुणे कोणी सांभाळले, वस्तूंवरची धूळ कोणी पुसली? एका माणसाच्या त्यागाला घरात दुसऱ्या माणसाचा बिनपगारी हात लागतो. संस्थांनी हा हिशोब धरायला हवा, निदान भाषणात तरी.

यावर कोणी म्हणेल, पगार आणि पद यांच्या मागे लागलो तर ध्येयवाद मरेल. मला महर्षी अण्णासाहेब कर्वे आठवतात. 1891 साली ते फर्ग्युसनमध्ये गणित शिकवायला लागले आणि 1914 पर्यंत शिकवत राहिले. 1896 साली त्यांनी अनाथ बालिकाश्रम काढला, तो पुढे हिंगण्याला गेला. दिवसभर कॉलेज, मग हिंगण्याची पायपीट. महिला विद्यापीठ निघालं 1916 साली, म्हणजे निवृत्तीनंतर. या सगळ्या खटाटोपाखाली तेवीस वर्षांची एक न हलणारी नोकरी होती, हे आपण विसरतो. महिन्याच्या महिन्याला ठरलेला पगार येत होता म्हणून हा माणूस हिंगण्याला चालत जाऊ शकला. तासिकेवर असते तर अण्णासाहेब तिसऱ्या कॉलेजातला तास गाठायला धावत असते.

तरीही दीर्घ मुदतीचं मी आंधळं समर्थन करणार नाही. वीस वर्षं एका हातात संस्था देणं म्हणजे काय, ते महाराष्ट्राने पाहिलंय. आजीव सदस्यांचं वर्तुळ सुरुवातीला जवळजवळ एका जातीचं होतं आणि बाहेरच्याला आत शिरायला फार वर्षं लागली. नंतरच्या काळात शिक्षणसंस्था म्हणजे खासगी संस्थान झालं, संचालकाच्या खुर्चीवर मुलगा, जावई, सून. काही संग्रहालयांत क्युरेटर इतका जुना झाला की कुठली वस्तू कुठे आहे ते फक्त त्याच्या डोक्यात, आणि तो गेला की चावी हरवली. तेव्हा मुदत असावी. विद्यापीठ अनुदान आयोगाच्या 2018 च्या नियमांत ती आहेच: प्राचार्याला पाच वर्षं, काम तपासून आणखी पाच. मला ही दहा वर्षं पुरेशी वाटतात. खरा घोळ असा, की नियमित प्राचार्याच्या डोक्यावर घड्याळ आहे, प्रभाऱ्याच्या डोक्यावर नाही. नियमिताला दहा वर्षांनी उठावं लागतं; प्रभारीपद एकाकडून दुसऱ्याकडे, दुसऱ्याकडून तिसऱ्याकडे असं कितीही वर्षं फिरत राहू शकतं. नियम लावायचा तर तो इथे लावा. सहा महिन्यांपुढे चार्ज नको. पद भरलं नाही तर का नाही, हे संस्थेने आणि सरकारनेही कॉलेजच्या फलकावर मराठीत लिहून लावावं, पालकांना वाचता येईल असं.

आणि निवड करताना काय बघायचं? त्याच नियमांत प्राचार्य व्हायला पीएचडी हवी, पंधरा वर्षांचा अनुभव हवा, दहा शोधनिबंध हवेत, संशोधनाचे 110 गुण हवेत. सव्वीस वर्षांच्या रँग्लर परांजप्यांचा अर्ज छाननीतच बाद झाला असता, हा विनोद आता जुना झाला. नियम टाकाऊ आहेत असं माझं म्हणणं नाही, वशिल्यापेक्षा गुण बरे. पण या सगळ्या रकान्यांत एक रकाना नाही: या माणसाने काय उभं केलं, आणि तो तिथून गेल्यावर ते चालू राहिलं का? शोधनिबंध मोजता येतात, हे विचारावं लागतं. जुन्या सहकाऱ्यांना, शिपायांना, प्रयोगशाळा सहायकांना फोन करावे लागतात. मी दोनदा निवड समितीत बसलोय. दोन्ही वेळा वेळ गेला तो गुणांची बेरीज जुळवण्यात. चहा येईपर्यंत बेरीज, चहा झाल्यावर सही.

संग्रहालयाचा प्रमुख निवडताना तर याहून उलटा प्रकार. तिथे वस्तू सांभाळता येते का एवढंच बघतात, शिकवता येतं का ते नाही. आणि कॉलेजात शिकवता येतं का ते बघतात, वस्तू सांभाळता येते का नाही. मला वाटतं या दोन दुनियांमधली भिंत पाडली पाहिजे. कॉलेजातल्या इतिहासाच्या, प्राणिशास्त्राच्या, भूगर्भशास्त्राच्या चांगल्या शिक्षकाला दोन-तीन वर्षं प्रतिनियुक्तीवर संग्रहालयात जाऊ द्या, नोकरी आणि ज्येष्ठता शाबूत ठेवून. संग्रहालयातल्या माणसाला कॉलेजात तास द्या, तेही तासिकेच्या दराने नाही. घोले रस्त्यावरचं महात्मा फुले संग्रहालय 1890 सालापासूनचं, पूर्वी ते लॉर्ड रे यांच्या नावाने उद्योगांचं संग्रहालय होतं. त्याच्या आजूबाजूला चालत जाता येईल अशा अंतरावर किती कॉलेजं आहेत बघा. आणि किती वर्ग तिथे तास घ्यायला जातात तेही बघा. माझ्या तेहतीस वर्षांत मी मुलांना घेऊन गेलो चार वेळा. परवानगीची पत्रं, विमा, बस, हजेरी... पाचव्यांदा मीच कंटाळलो. आमच्याच पुण्याच्या दगडांचे उत्तम नमुने मुलांना दाखवायचे म्हणून मी सिन्नरच्या गारगोटी संग्रहालयाची सहल काढायचो. एका खासगी माणसाने उभारलेलं ते संग्रहालय. पाषाणचा दगड बघायला सिन्नरला!

पैसे नाहीत, हे उत्तर मला माहीत आहे. मुंबईत महापालिकेच्या मालकीचं भाऊ दाजी लाड संग्रहालय असंच पडून होतं, 1872 सालचं. महापालिका, एक खासगी प्रतिष्ठान आणि वारसा जपणारी इन्टॅक ही संस्था यांनी मिळून करार केला, कामाला पाच वर्षं लागली, 2008 साली ते पुन्हा उघडलं. त्या करारावर टीकाही पुष्कळ झाली, लोकांची वास्तू खासगी हातात गेली म्हणून, आणि त्या टीकेत तथ्य नव्हतं असं नाही. पण एक गोष्ट तिथे झाली. कोणी काय करायचं ते करारात आधी ठरलं, इमारतीचं काम नंतर सुरू झालं. पुण्यात आपण आधी इमारतीचं भूमिपूजन करतो. कोनशिला बसते. आकृतिबंधात, म्हणजे मंजूर पदांच्या तक्त्यात, संचालकाचं पद मंजूर व्हायचं राहून जातं.

आणि जडवस्तू नोंदवहीतून या वस्तू बाहेर काढा. यासाठी तर पैसेही लागत नाहीत. एक वेगळी वही आणि एक जीआर. खनिज, हर्बेरियमचं (वाळवून चिकटवलेल्या वनस्पतीचं) पान, ताम्रपट, जुनं सूक्ष्मदर्शक यांची नोंद वेगळी, प्रत्येकाला स्वतःचा क्रमांक, आणि विषयाच्या जाणत्या माणसाच्या सहीशिवाय निर्लेखन नाही. ‘नग 412’ असं लिहिलं की बाकड्याचं आणि कॅव्हन्साइटचं नशीब एक होतं.

मागच्या महिन्यात त्या कॉलेजातून फोन आला होता. नवे प्रभारी आहेत, माझेच विद्यार्थी, मला सर म्हणतात. नॅकची, म्हणजे कॉलेजच्या मूल्यांकनाची, तयारी चालू आहे म्हणाले, विभागात पूर्वी संग्रहालय होतं असं कुठल्याशा जुन्या अहवालात सापडलं, त्याचे फोटो असतील का? होते. कपाटांचे, हिरव्या फेल्टचे, निळ्या दगडाचाही एक, जरा हललेला. मी विचारलं, ‘तुम्ही किती दिवस आहात तिथे?’ तो हसला. म्हणाला, ‘सर, मार्चपर्यंत तरी आहे.’ फोटो पाठवले.